दामदुपटीचा हिशेब

कळवणच्या शेतकऱ्याचे पीककर्ज बहुधा गावच्या विकास सोसायटीतून येते आणि सोसायटीच्या मागे नाशिक जिल्हा मध्यवर्ती बँक असते. उन्हाळ कांद्याचा भाव कोसळला की कर्ज थकते, सातबाऱ्यावरचा बोजा तसाच राहतो आणि पुढे सहकार कायद्याच्या कलम 101 ची नोटीस दारात येते. अशा वेळी कोर्टाचा दिलासा म्हटले की अनेकांना कर्जमाफीच आठवते. पण माफी देते ते सरकार. न्यायालय करू शकते ते इतकेच, की देणेकऱ्याकडून वसुली करणाऱ्याला चोख हिशेब मांडायला लावायचा. मला हा दिलासा माफीपेक्षा मोलाचा वाटतो, आणि त्याची मुळे आपल्याच मातीत आहेत. 1875 मध्ये सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांची खते आणि वह्या जाळल्या. त्यानंतर 1879 च्या कायद्याने न्यायाधीशाला रोख्यावरच्या आकड्यावर न थांबता, मुळात दिले किती आणि चढवले किती, हे तपासण्याचा अधिकार दिला. व्याज मुद्दलापेक्षा जास्त घ्यायचे नाही, हा दामदुपटीचा नियम त्याहून जुना. आजच्या सहकार कायद्याचे कलम 44 अ ठरावीक मुदतीच्या शेतीकर्जाला तोच नियम लावते.

यावर आक्षेप येतो तो ठेवीदारांचा, आणि तो हलका नाही. नोटाबंदीनंतर जिल्हा बँक रोखीच्या टंचाईत सापडली, तेव्हा स्वतःच्याच ठेवीसाठी हेलपाटे घालणाऱ्यांत शेतकरीही होते. वसुली थांबली तर त्यांचे पैसे कुठून यायचे? मात्र दामदुपट मुद्दलाला हात लावत नाही. ती फक्त व्याजाच्या चढत्या डोंगराला सीमा घालते. उलट, घाईच्या लिलावात ट्रॅक्टर मातीमोल गेला, तर कर्जदाराची शेती थांबते आणि बँकेच्या हातीही थोडेच पडते.

खरी अडचण दिलाशाच्या उंबरठ्याशी आहे. वसुली दाखल्याविरुद्ध कलम 154 खाली फेरतपासणी मागायची, तर थकबाकीची निम्मी रक्कम आधी भरावी लागते. ज्याच्याकडे हप्त्याला पैसे नाहीत, तो निम्मे कर्ज कुठून आणणार? मोठ्या उद्योगांच्या कर्जवसुलीत, मार्डिया केमिकल्सच्या खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाने 2004 मध्ये 75 टक्के रक्कम आधी भरण्याची अट अन्यायाची ठरवून रद्द केली. दोन्ही प्रसंग तंतोतंत सारखे नाहीत हे मान्य. तिथे ती कर्जदाराची पहिलीच दाद होती. इथे पहिली सुनावणी निबंधकांपुढे, काही न भरता होते. म्हणून सगळे वजन त्या पहिल्या सुनावणीवर येते. नोटीस घडी करून फळीवर ठेवली की ती संधी जाते. त्या दिवशी हजर राहून खात्याचा पूर्ण उतारा मागावा, मुद्दल आणि व्याज वेगळे दाखवायला सांगावे आणि व्याज मुद्दलाच्या वर गेले असेल तर हरकत लेखी देऊन तिची पोच घ्यावी.