‘स्लॉप’चे भाऊबंद

मेरियम-वेबस्टर या अमेरिकी कोशाने २०२५ चा शब्द म्हणून ‘स्लॉप’ निवडला. ऑस्ट्रेलियाच्या मॅक्वारी कोशाचीही पसंती ‘एआय स्लॉप’लाच मिळाली. त्यावर तेव्हा जे छापून आलं ते जवळपास सगळं एआयबद्दल होतं. खोटे व्हिडिओ, भरताड मजकूर, सहा बोटांची माणसं वगैरे. त्या चिंता रास्तच आहेत. पण निवड झाली होती ती शब्दाची, आणि शब्दाकडे मात्र फारसं कुणी पाहिलं नाही. इंग्रजीत टाकाऊ मालासाठी ‘जंक’ होता, ‘ट्रॅश’ होता, ‘गार्बेज’ आणि ‘रबिश’ होते. एवढे हाताशी असताना लोकांच्या तोंडी ‘स्लॉप’च का बसला?

माझ्या मते त्याचं उत्तर पहिल्या दोन अक्षरांत आहे. इंग्रजीतले ‘स्ल’ने सुरू होणारे छोटे शब्द एका रांगेत उभे करून पाहा. स्लाइम म्हणजे बुळबुळीत थर. स्लज म्हणजे गाळ. स्लश म्हणजे अर्धवट वितळून चिखल झालेला बर्फ. स्लॉबर म्हणजे लाळ गाळणं, स्लर्प म्हणजे भुरका मारणं. स्लग हा गोगलगायीच्याच जातीचा, पण शंख नसलेला, ओला चिकट माग सोडत जाणारा जीव. स्लिप आणि स्लाइड म्हणजे घसरणं. स्लाउच म्हणजे पोक काढून बसणं, स्लॅक म्हणजे ढिला, स्लॉथ म्हणजे आळस. ‘स्लॉप’चा अर्थ अठराव्या शतकात मऊ चिखल असा होता, एकोणिसाव्या शतकात तो डुकरांपुढे ओतायच्या खरकट्यावर आला आणि तिथून एकूणच टाकाऊ गोष्टींवर. आज हा शब्द पहिल्यांदा ऐकणाऱ्या इंग्रज मुलाला कोश उघडावा लागत नाही. शब्द पुरा होण्याआधीच त्याचा पाय चिखलात पडलेला असतो. ‘गार्बेज’मध्ये ही ताकद नाही.

ही गोष्ट सर्वप्रथम नीट मांडली ती एका गणितज्ञाने. अनंताचं आडव्या आठसारखं चिन्ह रूढ करणाऱ्या जॉन वॉलिस यांनी १६५३ मध्ये लॅटिनमधून इंग्रजीचं व्याकरण लिहिलं. त्यात त्यांनी अशा जोडाक्षरांची कुळंच मांडली होती. ‘स्ल’मध्ये त्यांना आवाज न करता निसटण्याचा, नकळत होणाऱ्या हालचालीचा भाव ऐकू आला. शंभर वर्षांनी सॅम्युअल जॉन्सन यांनी १७५५ च्या आपल्या प्रसिद्ध कोशाला व्याकरण जोडलं, तेव्हा वॉलिस यांचा हा भाग त्यात घेतला. पण हे सगळं चतुर आहे, भक्कम नाही, असा शेराही मारला. जॉन्सन यांचा आक्षेप खोटा नव्हता. याद्या करायला बसलं की माणूस सोयीचे शब्द घेतो आणि गैरसोयीचे सोडतो. ‘स्लीप’ ही छान झोप आहे. ‘स्लीव्ह’ म्हणजे बाही, तिला काही चिकटलेलं नाही. ‘स्लोगन’ तर स्कॉटलंडच्या गेलिक भाषेतली रणगर्जना. सैन्य आणि आरोळी या दोन शब्दांतून ती बनली. ‘स्लेव्ह’ आला तो स्लाव लोकांच्या नावावरून. चिखलाचा यांच्याशी काय संबंध?

हा गुंता ज्यांनी सोडवला त्यांचं नाव आपल्याकडे भाषाविज्ञानाचे विद्यार्थी सोडले तर फारसं कुणाला ठाऊक नाही आणि मला त्याची खंत वाटते, कारण त्यांच्या आयुष्यातली ऐन उमेदीची वर्षं आपल्या उपखंडात गेली. जॉन रूपर्ट फर्थ. जन्म १८९०, यॉर्कशरमधल्या कीथली गावी. १९२० च्या दशकात ते लाहोरला पंजाब विद्यापीठात इंग्रजीचे प्राध्यापक होते. वर्गात इंग्रजी शिकवायचं आणि बाहेर पडलं की पंजाबी, उर्दू, हिंदुस्तानी कानावर, असं त्यांचं जगणं असणार. पुढे त्यांनी गुजराती आणि तेलुगूचाही अभ्यास केला. इंग्लंडला परतल्यावर १९३० मध्ये त्यांचं ‘स्पीच’ हे पुस्तक आलं. सहा पेनीला मिळणाऱ्या स्वस्त मालेतलं, सामान्य वाचकासाठी लिहिलेलं चिमुकलं पुस्तक. त्यात त्यांनी अशा ध्वनिसमूहांना ‘फोनेस्थीम’ हे नाव दिलं. आज जगभर हेच नाव चालतं. आणि उदाहरणादाखल त्यांनी जी लांबलचक यादी दिली ती ‘स्ल’चीच होती. ‘स्लॉपी’सुद्धा तिच्यात आहे.

फर्थ यांचं मोठेपण यादीत नाही, त्यांनी लावलेल्या अर्थात आहे. ‘स्ल’ या ध्वनीत निसर्गतःच चिखल भरलेला आहे असं त्यांनी म्हटलं नाही. उलट, तसं मानणं भाबडं आहे, अशीच त्यांची भूमिका. ही सवय आहे, ते म्हणाले. एका भाषेत वाढणाऱ्या माणसाच्या कानावर लहानपणापासून स्लाइम, स्लश, स्लिप असे शब्द पडत राहतात. हळूहळू तो आरंभ आणि ती भावना यांची गाठ बसते. मग नवा शब्द त्याच आरंभाने आला की तोही त्याच गोतावळ्यात ओढला जातो. वॉलिस यांना ध्वनीत जो अर्थ दिसला तो फर्थ यांना शब्दांच्या सहवासात दिसला. हीच दृष्टी त्यांनी पुढे वाक्याला लावली: शब्दाचा अर्थ जाणून घ्यायचा तर तो कुणाच्या संगतीत वावरतो ते पाहा, असं त्यांचं १९५७ मधलं प्रतिपादन आहे. आजची भाषिक मॉडेलं नेमकी याच पायावर उभी आहेत. कोट्यवधी वाक्यांत कोणता शब्द कोणाच्या शेजारी येतो यावरूनच ती भाषा शिकतात. ज्या यंत्रांतून ‘स्लॉप’ बाहेर पडतो त्या यंत्रांच्या मुळाशी असलेली कल्पना आणि ‘स्लॉप’ हा शब्द इतका चपखल का बसला याचं स्पष्टीकरण, दोन्ही एकाच माणसाकडे जातात. मेरियम-वेबस्टरच्या निवडीवर लिहिताना फर्थ यांचं नाव यायलाच हवं होतं.

शब्द ओढला जातो म्हणजे काय होतं, ते ‘स्नीझ’ या शब्दात लख्ख दिसतं. इंग्रजीत ‘स्न’ हे नाकाचं घराणं. स्नाउट म्हणजे मुस्कट, स्नोअर म्हणजे घोरणं, स्नॉर्ट म्हणजे फुरफुरणं, स्निफ म्हणजे हुंगणं, स्नॉट म्हणजे शेंबूड. शिंकणं, म्हणजे ‘स्नीझ’, तिथेच शोभतो. पण मुळात हा शब्द या घरातला नव्हताच. जुन्या इंग्रजीत त्याचा आरंभ ‘फ्न’ होता आणि चौदाव्या शतकात चॉसरनेही तो तसाच वापरला. त्यानंतर ‘फ्न’ने सुरू होणारे शब्द भाषेतून जात राहिले. त्या काळी ‘एस’ हे अक्षर लांबट काढत आणि ते थेट ‘एफ’सारखं दिसे, फरक फक्त मधल्या आडव्या दांडीचा. वाचणाऱ्याने आणि छापणाऱ्याने ‘एफ’च्या जागी ‘एस’ वाचला आणि ‘स्नीझ’ जन्माला आला, असं कोशकार सांगतात. वाचनातल्या अशा चुका हजारो होतात आणि विरून जातात. ही टिकली, कारण नाकाच्या सगळ्या शब्दांनी नव्या शब्दाला आपल्यात बसवून घेतलं. शिंक आज कुणालाही ‘फ्न’ने सुरू होईल असं वाटत नाही.

हे केवळ कोशातलं रंजन आहे का, माणसाच्या डोक्यात असं काही खरंच घडतं का, हेही तपासून झालं आहे. बेंजामिन बर्गन या अमेरिकी संशोधकाने २००४ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला. इंग्रजी मातृभाषा असलेल्या लोकांना पडद्यावर आधी एक शब्द क्षणभर दाखवायचा, मग दुसरा, आणि दुसरा शब्द खरा आहे की बनावट ते त्यांनी बटण दाबून सांगायचं. ‘ग्लिटर’ दाखवून लगेच ‘ग्लो’ दाखवला की उत्तर झटकन यायचं; एकमेकांशी काहीच संबंध नसलेल्या शब्दांच्या तुलनेत सुमारे ६० मिलिसेकंद आधी. नुसता अर्थ जुळणाऱ्या किंवा नुसतं अक्षर जुळणाऱ्या जोड्यांना एवढी गती आली नाही. अक्षर आणि अर्थ दोन्ही एकत्र आले तरच ती आली. इंग्रजी मजकुराच्या एका नामांकित संग्रहात ‘ग्ल’ने सुरू होणाऱ्या शब्दांपैकी सुमारे ३९ टक्के शब्द प्रकाशाशी किंवा पाहण्याशी निगडित आहेत, हेही त्याच अभ्यासात आहे. म्हणजे बहुसंख्य तसे नाहीत. ‘ग्लव्ह’, ‘ग्लू’, ‘ग्लोब’ यांचा उजेडाशी काही संबंध नाही. जॉन्सन यांचा आक्षेप इथे पुरा होतो आणि संपतोही. घराणं असायला सगळ्यांची चेहरेपट्टी सारखी असावी लागत नाही.

इंग्रजीचा कान आरंभाकडे इतका का लागलेला असतो, यालाही कारण आहे. जर्मन, डच, इंग्रजी या भावंडांमध्ये शब्दावरचा जोर फार पूर्वीच पहिल्या अवयवावर स्थिरावला. म्हणून त्यांची जुनी कविता अंत्ययमकावर चालत नाही, आरंभाच्या ध्वनीवर चालते. ‘बेवुल्फ’ या महाकाव्याच्या तीन हजारांहून अधिक ओळी अशाच बांधलेल्या आहेत. ‘सेफ अँड साउंड’, ‘किथ अँड किन’ असल्या जोड्या त्याच सवयीच्या खुणा आहेत. पुढे १०६६ मध्ये नॉर्मन आले, दरबारात फ्रेंच बसली, चर्चमध्ये लॅटिन होतीच, आणि लांबलचक, भारदस्त शब्द तिकडून आले. गोठा, अंगण, चूल, चिखल, शिंक आणि लाळ मात्र छोट्या, जुन्या शब्दांकडेच राहिली. ‘स्लॉप’ हा त्या अंगणातला शब्द. म्हणून तो अंगाला लागतो.

धंद्याची माणसं हे ओळखून असतात. २००६ मध्ये एका नव्या सेवेसाठी नाव शोधताना खिशातल्या फोनच्या थरथरीवरून ‘ट्विच’ हे नाव पुढे आलं होतं. ते पसंत पडलं नाही, म्हणून मंडळींनी कोशात त्याच्या आसपासचे शब्द चाळले आणि ‘ट्विटर’ हाती लागला. सतरा वर्षांनी मालकाने तो बदलून नुसता ‘एक्स’ केला. लोक अजूनही ट्विटरच म्हणतात, आणि मला त्याचं नवल वाटत नाही.

मराठीत हे नाही असं कुणी समजू नये. शाळेच्या व्याकरणात आपण ‘अनुकरणवाचक’ म्हणून लखलख, सळसळ, कडकड पाठ करतो आणि पुढे जातो. पण ते दोनदा उच्चारलेल्या शब्दांपुरतंच राहतं. झगमग, झळाळी, झळकणे, झगझगीत, झिलई, झोत हे शब्द एकत्र ठेवा, इंग्रजीतल्या ‘ग्ल’चं काम आपल्याकडे ‘झ’ करतो हे ध्यानात येईल. शिंक, शिंकरणे, शेंबूड हे आपलं नाकाचं छोटं कुटुंब. आणि ‘स्ल’? त्याच्या जागी मला ‘ग’ ऐकू येतो. गाळ, गढूळ, गदळ, गचाळ, गलिच्छ, गबाळा, गिळगिळीत. अर्थात ‘ग’मध्ये गोड, गंध आणि गाणंही आहे, जशी ‘स्ल’मध्ये झोप आहे. चिखल, चीक, चिकट, चिवट, चिघळणे यांचा ‘चि’ तर त्याहून घट्ट. मोल्सवर्थ यांच्या १८३१ च्या मराठी-इंग्रजी कोशात असे नादाचे शब्द पानोपानी भेटतात. परक्या माणसाच्या कानाने ते निगुतीने टिपले. आपण मात्र त्यांची कुळं अजून नीट मांडलेली नाहीत. ‘एआय स्लॉप’ला मराठी शब्द हवा असेल तर तो समितीने घडवलेला संस्कृत समास नको. ‘गदळ’ चालेल. ऐकताक्षणी कळतो.

या सगळ्याचा एक रोखठोक उपयोग आहे आणि तो शाळेत आहे. महाराष्ट्रात २००० पासून पहिलीपासून इंग्रजी शिकवली जाते. तरी मराठी माध्यमातल्या मुलांना शब्द पाठ करायला दिले जातात ते सुटे सुटे. ए फॉर ॲपलपासून पुढे, अर्थाने एकमेकांशी न बोलणारे. अक्षरानुसार शब्द लावायचेच, तर ज्या अक्षरांनी खरोखर अर्थ बांधून ठेवला आहे ती तरी आधी घ्यायला काय हरकत आहे? ‘स्नोअर’ आणि ‘स्निफ’ आलेल्या मुलाला ‘स्नॉर्ट’चा अर्थ अंदाजाने सांगता येतो, आणि तो बरोबर निघाला की परकी भाषा थोडी आपली होते. त्यासाठी नवं पुस्तक नको, निधी नको, प्रशिक्षण शिबिरही नको. पाचवी-सहावीला इंग्रजी शिकवणाऱ्या शिक्षकांना माझी विनंती आहे: येत्या आठवड्यात एक तास काढा. फळ्याच्या एका बाजूला ‘ग्ल’ लिहा, दुसऱ्या बाजूला ‘झ’, आणि दोन्ही रकाने मुलांकडूनच भरून घ्या.