लोबानाचा धूर

कैरोतल्या टॅक्सींमध्ये वाजणाऱ्या प्रवचनांच्या कॅसेटपाशी गेल्या वेळी थांबलो होतो. मानववंशशास्त्रज्ञ चार्ल्स हिर्शकिंड यांचे त्यावरचे काम आज पुढे न्यायचे ठरले होते. ते पुढच्या आठवड्यावर टाकतो, कारण बेंगळुरूच्या इलेक्ट्रॉनिक सिटीतून आलेल्या एका पत्राने नाकाचा विषय काढला आहे आणि तो मला कित्येक वर्षे सोडत नाही.

पत्रलेखक मूळचे मिरजेचे. लहानपणी आजीबरोबर मीरासाहेबांच्या उरुसाला जात. आता कोनप्पन अग्रहारात राहतात. कुणाच्या दुकानात संध्याकाळी लोबान जळला की मिरज डोळ्यांपुढे उभी राहते, असे लिहून ते विचारतात, ‘मी मुसलमान नाही. मग माझी ही आठवण तुमच्या इस्लामच्या अभ्यासात बसते का?’

अगदी मधोमध बसते. मानववंशशास्त्रज्ञ तलाल असद यांनी १९८६ मध्ये मांडले की इस्लामचा अभ्यास कुराण आणि हदीस यांच्याशी नाते सांगणाऱ्या परंपरेपासून सुरू करावा. ती मांडणी मला मोलाची वाटते, पण दर्ग्याच्या उंबऱ्यावर ती अपुरी पडते. मध्य प्रदेशातल्या जावऱ्याला हुसेन टेकडी हे दर्ग्याचे ठिकाण आहे. तिथे अभ्यासक कार्ला बेलामी यांनी लोबानावरच लक्ष ठेवले. ठरलेल्या वेळी धूर निघतो आणि बाधा झालेली, आजारी, थकलेली माणसे तो छातीत भरून घेतात. तो कुणालाही मिळतो. जात-धर्म कुणी विचारत नाही. त्यांचे पुस्तक २०११ मध्ये आले. संवेदनांवर लिहिलेले इतके नेमके मी फार थोडे वाचले आहे.

शिवाय आपल्याकडे या धुराची पहिली ओळख अनेकांना बाळंतिणीच्या खोलीत होते. बाळाला न्हाऊ घातल्यावर शेगडीवर ऊद, ओवा टाकून धुरी देतात. दर्ग्यातला धूर अंगाला परका वाटत नाही, त्यामागे ही धुरीही असावी असे मला वाटते.

पत्रलेखकांना आठवणीसाठी मिरजेपर्यंत जायची गरज नाही. बेंगळुरूच्या कॉटनपेठेत तवक्कल मस्तान यांचा दर्गा आहे. हैदर अलीच्या काळात किल्ल्याच्या बांधकामावर ते राबत आणि मजुरी घेत नसत, अशी कथा सांगतात. चैत्री पौर्णिमेच्या रात्री धर्मरायस्वामी मंदिरातून द्रौपदीचा करगा, म्हणजे कलश, निघतो. स्त्रीवेषातला पुजारी मोगऱ्याने मढवलेला करगा डोक्यावर घेतो, भोवती तलवारी घेतलेले वीरकुमार असतात आणि मिरवणूक या दर्ग्यात थांबते. स्मृती श्रीनिवास यांनी या उत्सवावर २००१ मध्ये पुस्तक लिहिले. करग्याच्या वाटा म्हणजे शहराची स्मृती, हे त्यांचे म्हणणे मला पूर्ण पटते. धर्मांबुधी तलावाच्या जागी मॅजेस्टिकचे बसस्थानक झाले, संपंगी तलावावर कंठीरवा स्टेडियम उभे राहिले. तरी करग्याच्या विधीसाठी संपंगीच्या जागी पाण्याचा एक तुकडा राखला आहे. कर्नाटक सरकारच्या केऑनिक्स कंपनीने १९७८ मध्ये वसवायला घेतलेल्या इलेक्ट्रॉनिक सिटीला अशी वाट अजून मिळालेली नाही, पण तिथे राहायला आलेली माणसे आपापल्या वाटा अंगात घेऊन आली आहेत. त्या लिहून ठेवणे हेच मानववंशशास्त्राचे पुढचे काम.

तेव्हा चैत्री पौर्णिमेला शेवटच्या मेट्रोच्या आधी निघा, आर. व्ही. रोडला गाडी बदलून चिकपेटला उतरा आणि पहाटेपर्यंत थांबा. मोगरा आणि लोबान एकत्र आल्यावर मिरज आठवते की आणखी काही, ते मला नक्की कळवा.