प्रोग्रामच्या आधी जागा होणारा

लिनक्सवर एखादा प्रोग्राम सुरू करायला सांगितला, की बहुतेक वेळा सगळ्यांत आधी धावतो तो प्रोग्राम नव्हेच. त्याच्या पोटात लिहिलेल्या पत्त्यावरून कर्नल दुसऱ्याच एका लहानशा प्रोग्रामला उठवतं. एलडी.एसओ हे त्याचं नाव, डायनॅमिक लिंकर हा त्याचा हुद्दा. मूळ प्रोग्रामला कोणकोणत्या सामाईक फायली लागतात ते तो वाचतो, त्या शोधतो, मेमरीत बसवतो, एकमेकींशी जोडून देतो आणि मग बाजूला होतो. सगळं जागच्या जागी असेल तर तो होता हेही कुणाला कळत नाही. एखादी फाइल सापडली नाही, तर मात्र पडद्यावर ओळ उमटते : 'एरर व्हाइल लोडिंग शेअर्ड लायब्ररीज', पुढे फायलीचं नाव आणि शेवटी 'नो सच फाइल ऑर डिरेक्टरी'. संपादकांनी या ओळीवर लिहायला सांगितलं होतं. माझं लक्ष खिळलं ते ती ओळ लिहिणाऱ्यावर.

इतिहास थोडक्यात असा. चालत्या प्रोग्रामला हवे ते भाग ऐनवेळी जोडायची कल्पना १९६०च्या दशकातल्या मल्टिक्समध्ये होती. आजच्या ओळखीची रचना १९८०च्या दशकाच्या अखेरीस सनओएसमध्ये आली, युनिक्सच्या सिस्टिम व्ही रिलीज ४ बरोबर एल्फ हा फाइल-प्रकार आला आणि नव्वदच्या दशकाच्या मध्यावर लिनक्सने तो उचलला.

हेतू साधा होता. पूर्वी गावकीची मोठी भांडी असत. कार्य ज्याच्या घरी, त्याच्याकडे ती जात, घरोघरी हंडे-पातेली घेऊन ठेवायची गरज नसे. सामाईक लायब्ररी तशीच. मराठी माणसाला जवळचं उदाहरण हार्फबझचं आहे. लिनक्सच्या पडद्यावर 'क्ष' जुळतो, 'कि'मधली वेलांटी उच्चारात मागून येऊनही अक्षराच्या आधी बसते, ते काम बहुतेक ठिकाणी ही लायब्ररी करते. ती वापरणाऱ्या प्रत्येक प्रोग्रामने देवनागरीचे नियम नव्याने शिकायची गरज राहत नाही. एका फायलीत सुधारणा झाली, की ती सगळ्यांना मिळते.

सुरक्षेचंही तसंच. एप्रिल २०१४मध्ये ओपनएसएसएल या एन्क्रिप्शनच्या लायब्ररीतला हार्टब्लीड दोष उघड झाला. लिनक्स वितरणांनी दुरुस्त केलेली लायब्ररी दिली. ती बसवून, प्रोग्राम पुन्हा सुरू केले की ती सामाईक प्रत वापरणारे सगळे प्रोग्राम एकदमच सुधारत. मला या व्यवस्थेबद्दल मनापासून आदर वाटतो तो इथे.

एलडी.एसओला काम करताना बघता येतं. 'एलडी_डीबग' या चलाला 'लिब्ज' ही किंमत देऊन प्रोग्राम चालवा; तो कुठे कुठे डोकावला ते ओळीओळीने सांगतो. साधारण क्रम असा : 'एलडी_लायब्ररी_पाथ'मध्ये दिलेल्या जागा, मग प्रोग्रामच्या पोटात कोरलेला रनपाथ, मग एलडीकॉन्फिगने तयार केलेली कॅशे-यादी, शेवटी लिब आणि यूएसआर-लिब. याच्या पलीकडे तो पाऊल टाकत नाही. फाइल शेजारच्याच फोल्डरमध्ये असली तरी त्याला ती 'नाही'च. आधी हा हट्ट वाटतो. पण तो डिस्कभर हिंडून नाव जुळेल ती फाइल उचलू लागला, तर कुणीही ठेवलेली खोटी फाइल खऱ्याच्या जागी चालेल. सेटयूआयडी, म्हणजे चालवणाऱ्याच्या नव्हे तर फायलीच्या मालकाच्या अधिकाराने चालणाऱ्या, प्रोग्रामच्या बाबतीत तर तो 'एलडी_लायब्ररी_पाथ'कडेही दुर्लक्ष करतो, ते याच कारणाने.

म्हणून पहिला प्रश्न हा : फाइल खरोखरच नाही, की आहे पण त्याला दिसत नाही? एलडीडी ही आज्ञा लागणाऱ्या लायब्रऱ्यांची यादी देते आणि हरवलेलीपुढे 'नॉट फाउंड' लिहिते. अनोळखी प्रोग्रामवर मात्र ती वापरू नये, कारण काही वेळा तो प्रोग्रामच चालून जाऊ शकतो. तिथे रीडएल्फ बरी. सोर्समधून बांधलेली लायब्ररी यूएसआर-लोकल-लिबमध्ये बसली आणि कॅशे जुनीच राहिली, असंही खूपदा असतं. तेव्हा एकदा एलडीकॉन्फिग चालवलं की काम भागतं. ३२ बिटी फाइल ६४ बिटी प्रोग्रामला चालत नाही, हेही तपासावं. खरंच नसेल तर ती कोणत्या पॅकेजमध्ये येते ते शोधून वितरणाच्या भांडारातूनच घ्यावी. विंडोजवर 'व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल' नाही अशी तक्रार आली, तर मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल बसवावं. अनोळखी साइटवरून सुटी डीएलएल उतरवू नये.

खरी पंचाईत पुढे आहे. एप्रिल २०२२मध्ये आलेल्या उबंटू २२.०४मध्ये ओपनएसएसएल ३ होतं, आणि 'लिबएसएसएल.एसओ.१.१' मागणारे जुने प्रोग्राम अडले. अनेकांनी नव्या फायलीला जुन्या नावाची सिमलिंक दिली. एलडी.एसओ नावाला भुलला, पण आत पाहून थांबला : अशा फायलीतल्या सिम्बॉलवर, म्हणजे फंक्शन वगैरेंच्या नावांवर, आवृत्तीचा शिक्का असतो, आणि 'ओपनएसएसएल_१_१_०' हा शिक्का नव्या फायलीत नव्हताच. मग काहींनी जुनं पॅकेजच उतरवून बसवलं. प्रोग्राम चालला; पण १.१.१चा सार्वजनिक आधार सप्टेंबर २०२३मध्ये संपला, म्हणजे त्यानंतर सापडणाऱ्या दोषांवर तिथे मोफत दुरुस्ती नाही. योग्य उपाय कंटाळवाणा आहे : प्रोग्रामची नवी आवृत्ती मिळवणे किंवा तो नव्या लायब्ररीवर पुन्हा बांधणे.

ग्लिबसी या पायाभूत सी-लायब्ररीचं प्रकरण त्याहून बिकट. नव्या यंत्रणेवर बांधलेला प्रोग्राम जुन्या यंत्रणेवर नेला, तर तो 'ग्लिबसी_२.३४ नॉट फाउंड' म्हणू शकतो. इथे हाताने नवी ग्लिबसी बसवण्याचा मोह घातक ठरतो, कारण 'एलएस'पासून 'सुडो'पर्यंत जवळजवळ सगळं तिच्यावरच उभं असतं. प्रोग्राम जुन्या यंत्रणेवर बांधावा, नाहीतर कंटेनरमध्ये चालवावा.

या कटकटींना कंटाळून आता बरेच निर्माते आपल्या लायब्रऱ्या प्रोग्रामसोबतच बांधून देतात : कंटेनर, स्नॅप, अ‍ॅपइमेज, कधी थेट प्रोग्रामच्या आतच. चूक त्यांची म्हणता येत नाही; गिऱ्हाइकाला चालणारा प्रोग्राम हवा असतो. पण सप्टेंबर २०२३मध्ये लिबवेबपी या चित्रांच्या लायब्ररीत गंभीर दोष सापडला, तेव्हा याची किंमत दिसली. वितरणांनी आपली सामाईक फाइल बदलली. क्रोम, फायरफॉक्स आणि इलेक्ट्रॉनवर बांधलेल्या प्रोग्रामांमध्ये मात्र दुरुस्ती स्वतंत्रपणे, एकेकात करावी लागली. कोणत्या प्रोग्रामच्या पोटात जुनी प्रत दडली आहे, हे एलडीडीला विचारूनही नेहमी कळत नाही. आतच मिसळून टाकलेल्या लायब्ररीचं नाव त्या यादीत येत नाही, कारण ती शोधायचं काम एलडी.एसओकडे गेलेलंच नसतं.