काळ्या पाषाणाची साक्ष

जवळा बाजारच्या शिवारात विहीर खोदणाऱ्या कामकऱ्यांना विचारा. काळी माती संपली की मुरूम लागतो आणि मुरुमाखाली काळा पाषाण. सुरुंगाशिवाय तो फुटत नाही. हा पाषाण म्हणजे थिजलेला लाव्हारस होय. जमिनीला भेगा पडून तो थरावर थर पसरला. आजही त्याने सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर भूभाग व्यापला आहे. आपली कापसाची काळी माती याच दगडाची झीज होऊन तयार झाली.

हा पाषाण एका मोठ्या चौकशीत संशयित होता!

सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी डायनोसॉर हे महाकाय प्राणी पृथ्वीवरून नाहीसे झाले. आपल्या चंद्रपूर जिल्ह्यातही पिसदुरा, डोंगरगाव येथे त्यांची हाडे सापडली आहेत. मग ते गेले कशाने?

१९८० साली अमेरिकेतील लुइस अल्वारेझ, त्यांचे पुत्र वॉल्टर व सहकाऱ्यांनी इटलीतील गुब्बिओ येथील, त्याच काळातला चिकणमातीचा पातळ थर तपासला. त्यात इरिडियम हा धातू नेहमीच्या सुमारे ३० पट निघाला. जमिनीवर तो अगदी दुर्मिळ, पण आकाशातून पडणाऱ्या अशनींत पुष्कळ. त्यावरून त्यांनी अनुमान काढले, की सुमारे १० किलोमीटर रुंदीचा अशनी पृथ्वीवर आदळला. धुळीने सूर्य झाकला, वनस्पती मेल्या, प्राणी उपाशी मेले.

लोकांनी विचारले, मग खड्डा कुठे आहे? १९९१ साली उत्तर मिळाले. मेक्सिकोतील चिक्सुलुब येथे जमिनीखाली गाडलेला सुमारे १८० किलोमीटर रुंदीचा खड्डा हाच तो, असे संशोधकांनी दाखवून दिले.

तरीही काहींचे म्हणणे होते, की लाव्ह्याबरोबर निघालेल्या विषारी वायूंनीच हवामान बिघडवले. याचा निकाल लावायचा तर पाषाणाचे नेमके वय हवे. दोन गटांनी सह्याद्रीतील थर तपासले. एकाने थरांमधल्या झिरकॉनच्या बारीक कणांत युरेनियमचे किती शिसे झाले ते मोजले, दुसऱ्याने दगडातील आरगॉन वायू. २०१९ साली दोन्ही निष्कर्ष एकदमच प्रसिद्ध झाले. एक गट म्हणाला, मोठा उद्रेक अशनीच्या थोडा आधीचा. दुसरा म्हणाला, बहुतेक लाव्हा नंतरचा.

आज बहुसंख्य शास्त्रज्ञ मुख्य दोष अशनीकडेच देतात. पाषाणाचा वाटा किती, हा वाद अजून चालू आहे. पण इथे नावाचा मोठेपणा चालत नाही, पुरावाच लागतो. म्हणून मायबापहो, घरातले लेकरू "हे कशावरून?" असे विचारील, तेव्हा त्याला गप्प बसवू नका.