पुडीतली काळी वाळू



मी इयत्ता सातवीत शिकते. आमचे गाव कुकडी नदीच्या काठी आहे. या लेखात मी नदीतल्या काळ्या वाळूची माहिती सांगणार आहे. पण ती वाळू आमच्या घरात कशी आली, ते आधी सांगते.

मागच्या वर्षी आठवड्याच्या बाजारात एक अनोळखी माणूस बसला होता. त्याच्यापुढे पुठ्ठा आणि पुठ्ठ्यावर काळी वाळू. तो काहीतरी पुटपुटला की वाळू काट्यांसारखी उभी राही आणि चालू लागे! माझी आत्या तिथेच होती. तिची धाकटी मुलगी तापाने फणफणली होती. त्या माणसाने दोनशे रुपये घेऊन वाळूची पुडी दिली. गळ्यात बांधा म्हणाला, आणि पाच दिवस दुसरे औषध देऊ नका म्हणाला. आत्याने ऐकले. चौथ्या दिवशी पोर डोळे उघडीना, तेव्हा आजोबांनी तिला उचलून दवाखान्यात नेले. तिथे सलाईन लावले, इंजेक्शने दिली. आता ती बरी आहे, अंगणवाडीत जाते आणि माझ्या वह्या फाडते.

पुडी मी सोडली व गुरुजींकडे नेली. गुरुजींनी वाळू कागदावर ओतली आणि मोडक्या कर्ण्यातला लोहचुंबक कागदाखाली धरला. वाळू लगेच उभी राहिली. मंत्र कोणीच म्हटला नव्हता! बाजारात त्या माणसाचा एक हात सारखा पुठ्ठ्याखाली असायचा, हे मला तेव्हा आठवले.

आता ही वाळू कुठून येते ते सांगते. आपल्या सह्याद्रीचा काळा पाषाण म्हणजे थंड झालेला लाव्हा. त्याला बेसाल्ट म्हणतात. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून हा लाव्हा थरावर थर वाहत आला. त्यात लोखंडाचे एक खनिज बारीक कणांच्या रूपाने असते. त्याचे नाव मॅग्नेटाइट. चुंबकाला ते चिकटते. ऊन-पावसाने दगड झिजतो, कुजतो. त्याची माती होते, पण मॅग्नेटाइटचे कण बरेचसे तसेच राहतात. पावसाचे पाणी ते ओढ्यात आणते आणि ओढा नदीत.

पण मग सगळी वाळू काळी का नाही? काळे कण एकाच जागी का सापडतात? हे मला आजीमुळे समजले. आजी तांदूळ रोळते, तेव्हा पाणी हलवून तांदूळ पुढे सोडते आणि खडे भांड्याच्या तळाशी राहतात. नदी तेच करते. गारगोटीचा कण पाण्याच्या सुमारे 2.6 पट जड असतो, मॅग्नेटाइटचा सुमारे 5.2 पट. पाणी हलका कण पुढे नेते, जड कण मागे राहतो. सोनाराच्या दुकानाचा केर धुऊन सोने काढणारे झारेकरी हीच युक्ती करतात. आमच्या घाटावर पूर ओसरला की मोठ्या धोंड्यांच्या मागे आणि वळणाच्या आतल्या बाजूला काळ्या रेघा दिसतात. मी तिथली ओंजळभर वाळू परातीत रोळली, तर तळाला चमचाभर काळी वाळू उरली. ती पुडीतल्या वाळूसारखीच होती. म्हणजे आत्याने दोनशे रुपयांना आपल्याच नदीची वाळू घेतली की काय, असे आई म्हणाली. आत्या अजून त्यावर बोलत नाही.

नदी हलक्या वस्तूही साठवते, पण दुसरीकडे. आपल्याच कुकडीकाठी बोरी बुद्रुक आहे. आमची सहल तिथे गेली होती. तिथे नदीच्या काठाच्या मातीत फिकट राखेचा थर आहे. ती चुलीतली राख नव्हे, ज्वालामुखीची! तिच्यात काचेचे अगदी बारीक कण आहेत. 1980 च्या दशकात पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या संशोधकांनी तिचा अभ्यास केला. ही राख सुमात्रा बेटावरच्या तोबा ज्वालामुखीची मानतात. ते ठिकाण इथून तीन हजार किलोमीटरांहूनही दूर आहे! तिच्या वयाबद्दल मात्र वाद आहे. कोणी सुमारे 75 हजार वर्षे म्हणतात, कोणी सात-आठ लाख. राख आभाळातून सगळीकडे पडली, पावसाने ती धुऊन नदीत आणली आणि जिथे पाणी संथ होते तिथे ती बसली. काळी वाळू ओढीच्या पाण्यात मागे राहते, राख संथ पाण्यात खाली बसते. त्याच थरांजवळ आदिमानवाची दगडी हत्यारेही सापडली आहेत. मला तर बाजारातल्या वाळूपेक्षा हीच गोष्ट जादूची वाटते.

भित्तिपत्रकाखालच्या टेबलावर एका बशीत वाळू आणि शेजारी लोहचुंबक ठेवला आहे. पालकांनीही करून पाहावे. चुंबक कागदात गुंडाळूनच वाळूत धरा, नाहीतर काळे कण त्याला असे चिकटतात की निघता निघत नाहीत. काल दोन मुलांनी तसे केले, आणि मला मधल्या सुट्टीत ते खरवडत बसावे लागले.