आठवण दाखवणारे यंत्र आणि भिंतीवरची रेघ

आठवणी टिपून इतरांना दाखवणारे यंत्र कल्पित कथांमध्ये कधीच तयार झाले आहे. ‘हॅरी पॉटर’मध्ये कानशिलाला छडी लावली की आठवणीचा रुपेरी धागा निघतो, आणि तो दगडी पात्रात सोडला की दुसऱ्यालाही त्या जुन्या प्रसंगात उतरता येते. महाडच्या चवदार तळ्याच्या सत्याग्रहाची शताब्दी २० मार्च २०२७ रोजी पूर्ण होते आहे आणि कृत्रिम बुद्धिमत्तेने रंगवलेली ‘ऐतिहासिक’ दृश्ये मोबाइलवर फिरत आहेत. त्यामुळे असे यंत्र आता आलेच, असा समज पसरतो आहे. ते इतक्यात येत नाही; आणि आलेच, तरी महाड-पोलादपूरला त्याचा उपयोग किती, याची शंकाच आहे.

प्रयोगशाळेत आजवर साधले ते एवढेच. जपानमधील यू ताकागी आणि शिंजी निशिमोतो या संशोधकांनी २०२३ मध्ये, छायाचित्रे पाहणाऱ्या माणसांच्या मेंदूच्या एमआरआय नोंदींवरून संगणकाकडून तशीच चित्रे काढून घेतली. ती मूळ छायाचित्रांच्या बरीच जवळ जात होती. पण त्या माणसांसमोर छायाचित्र प्रत्यक्ष होते, ती ते आठवत नव्हती. शिवाय एकेकाच्या मेंदूच्या तासन् तास घेतलेल्या नोंदी आधी हाताशी असाव्या लागतात. यंत्र मोजते तेही विचार नव्हेत, तर मेंदूतल्या रक्तातील प्राणवायूचे चढउतार.

खरी अडचण यंत्राची नाही, आठवणीची आहे. ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ फ्रेडरिक बार्टलेट यांनी १९३२ मध्येच दाखवून दिले की, ऐकलेली गोष्ट पुन्हा सांगताना माणूस निसटलेले दुवे आपल्या ओळखीच्या गोष्टींनी भरून काढतो. आठवण दर वेळी नव्याने रचली जाते. पोलादपूर तालुक्यातील उमरठला तानाजी मालुसऱ्यांची समाधी आहे. त्यांचे समकालीन चित्र मात्र उपलब्ध नाही. तिथे आलेल्या शाळकरी मुलांना हे यंत्र लावले, तर पडद्यावर बहुधा त्यांच्यावरच्या २०२० च्या चित्रपटातला अजय देवगण उभा राहील.

महाडमध्ये तर लोकांच्या आठवणीची थेट कोर्टात परीक्षा झाली. नगरपालिकेने १९२४ मध्ये ठराव करून तळे सर्वांना खुले केले होते, पण तो कागदावरच राहिला. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर आपल्या अनुयायांसह तळ्यावर गेले आणि पाणी प्याले. त्यानंतर हे लोक आता वीरेश्वराच्या देवळात शिरणार, अशी आवई उठली आणि महाडमधील परिषदेला आलेल्या प्रतिनिधींवर हल्ले झाले. एखाद्या हल्लेखोराची आठवण पडद्यावर आणली असती, तर कधी न घडलेला मंदिरप्रवेशही त्यात दिसला असता. डिसेंबर १९२७ मध्ये सनातन्यांनी दावा लावला. तळ्यावर अस्पृश्यांना मज्जाव ही अनादी काळापासूनची वहिवाट आहे, असे त्यांचे म्हणणे होते. हा दावा सव्वानऊ वर्षे चालला. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती ब्रूमफील्ड यांनी वहिवाटीचे अनादित्व सिद्ध झालेले नाही, असा निकाल दिला. १९२२ मध्ये अहमदाबादला गांधीजींना सहा वर्षांची शिक्षा सुनावणारे न्यायाधीश हेच. ‘आमच्या आठवणीत असेच चालत आले आहे’ हे सांगणे पुरावा म्हणून पुरले नाही.

तेव्हा समाजाला लागते ती तिऱ्हाइताला पडताळून पाहता येईल अशी आठवण. महाडजवळच्या गांधारपाले लेण्यांतील ब्राह्मी शिलालेख हा तिचा उत्तम नमुना. विष्णुपालित नावाच्या कुमाराने लेणे, चैत्यगृह, आठ खोल्या, लेण्याच्या दोन्ही बाजूंना पाण्याची टाकी आणि तिथवर येणारी वाट दान दिली, असे त्यात नोंदले आहे. राजपुत्र दिसायला कसा होता, हे त्यातून कळत नाही. त्याने काय दिले, हे मात्र जागेवर ताडून पाहता येते.

याच जातीची दुसरी नोंद म्हणजे पुराची रेघ. २२ जुलै २०२१ रोजी घाटमाथ्यावर तुफान पाऊस झाला. २३ च्या सकाळपर्यंतच्या चोवीस तासांत महाबळेश्वरला ५९४ मिलिमीटर नोंदला गेला. सावित्रीचा उगम तिथलाच. महाडपाशी तिला गांधारी आणि काळ नद्या मिळतात, खालून बाणकोटच्या खाडीची भरती चढते आणि पाण्याचा निचरा खोळंबतो. त्या पुराने शहर बुडाले; २२ जुलैलाच तळिये गावावर दरड कोसळली. पाणी ओसरल्यावर भिंतींवर चिखलाची तांबूस रेघ उरते: खाली गाळाचा थर, वर कोरडा रंग. जिना कितव्या पायरीपर्यंत बुडाला, मीटर कितव्या फुटावर बसवायचा, दुकानातला माल कोणत्या फळीवर चढवायचा, हे ती रेघ कोणत्याही चित्रफितीपेक्षा नेमके सांगते. पुराच्या चित्रफिती थरार दाखवतात, उंची दाखवत नाहीत.

पण चिखलाची रेघ फार तर पुढच्या रंगकामापर्यंत टिकते. पुढच्या वेळी भिंतीला हात लावण्याआधी महाडकरांनी पाण्याच्या उंचीवर एक छोटी फरशी बसवावी आणि तिच्यावर पुराची तारीख व जमिनीपासूनची उंची कोरून घ्यावी. नगरपालिकेने हेच शाळा, दवाखाने आणि एसटी स्थानकाच्या भिंतींवर करावे. त्यासाठी कोणत्याही नव्या यंत्राची वाट पाहण्याचे कारण नाही.