शेताच्या बांधापाशी अडणारी जप्ती

आंबोलीतल्या बऱ्याच जमिनीवर बँक जप्ती आणू शकत नाही, कारण ती जमीन मुळात गहाणच पडू शकली नाही. सावंतवाडी संस्थानच्या काळात आंबोली, चौकुळ आणि गेळे इथल्या गावकऱ्यांनी साऱ्याची हमी दरबाराला सामायिक लिहून दिली. सातबाऱ्यावर त्यामुळे ‘कबुलायतदार गावकर’ अशी नोंद राहिली, एकेका कुटुंबाचे नाव लागले नाही. 1999 साली तीही जाऊन ‘महाराष्ट्र शासन’ आले. बापजाद्यांपासून जमीन कसणारा माणूस कागदावर कोणीच उरला नाही. घर बांधायला तो कर्ज मागायला गेला, तर बँक तारण काय लिहून घेणार?

सातबारा स्वतःच्या नावावर असला की चित्र पालटते. ‘इतर अधिकार’ या रकान्यात बँकेचा बोजा चढतो आणि कर्ज फिटेपर्यंत उतरत नाही. हप्ते 90 दिवसांहून अधिक थकले की खाते अनुत्पादक ठरते, आणि इथून पुढचा प्रवास खरोखर चकित करणारा आहे. पूर्वी बँकेला दिवाणी दावा लावून वर्षानुवर्षे खेटे घालावे लागत. पुढे मोठ्या रकमांसाठी कर्जवसुली न्यायाधिकरणे आली. 2002 च्या ‘सरफेसी’ कायद्याने मात्र बँकेलाच अंमलबजावणीचा अधिकार दिला. दावा नाही, हुकूमनामा नाही. 60 दिवसांची नोटीस, कर्जदाराने आक्षेप घेतल्यास त्याला 15 दिवसांत लेखी उत्तर, आणि मग ताबा.

हा ताबा आधी कागदावरच असतो. दर्शनी भिंतीवर नोटीस डकवली जाते आणि सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत छापली जाते, त्यांतले एक स्थानिक भाषेतले. ‘ताबा सूचना’ या मथळ्याखालच्या बारीक टायपातल्या त्या जाहिराती वाचून पाहाव्यात: कर्जदार, जामीनदार, थकीत रक्कम, आणि शेवटी चतु:सीमा, म्हणजे पूर्वेस कोणाचे घर नि पश्चिमेस कोणता रस्ता. शेजाऱ्यांनाही सगळे कळावे असाच तो मजकूर असतो. घर कोणी सोडेना, तर बँक जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करते. सिंधुदुर्गात त्यासाठी ओरोस गाठावे लागते. लिलाव जाहीर होण्याआधी सगळी थकबाकी भरली, तर मिळकत सुटते. लिलावाची नोटीस प्रसिद्ध झाल्यावर तो हक्क उरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2023 मध्ये बाफना मोटर्सच्या खटल्यात सांगितले.

कर्जदाराची बाजू अगदीच लंगडी नाही. 45 दिवसांत न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. त्यासाठी आधी 75 टक्के रक्कम भरा, ही मूळ कायद्यातली अट 2004 साली मार्डिया केमिकल्सच्या निकालात रद्द झाली. ती राहिली असती तर दाद मागण्याला अर्थच नव्हता. ज्याच्याकडे 75 टक्के आहेत तो थकबाकीदार कशाला होईल? सहकारी बँकांनाही हा कायदा वापरता येतो का, याचा सोक्षमोक्ष 2020 मध्ये पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने बँकांच्या बाजूने लावला. त्या खटल्यातली बँक होती घाटावरच्या कागल तालुक्यातली, मुरगूडची विश्वासराव पाटील सहकारी बँक.

सरफेसीचे हत्यार अडते ते शेतजमिनीपाशी. कलम 31 प्रमाणे शेतजमिनीवरच्या तारणाला हा कायदा लागूच नाही. या सवलतीचा सर्वांत धाडसी वापर मात्र एका पंचतारांकित हॉटेलाने केला. गोव्यातल्या पार्क हयात रिसॉर्टची मालक असलेल्या ब्लू कोस्ट हॉटेल्सने 2010 मध्ये आयएफसीआयकडून 150 कोटींचे कर्ज काढले. ते थकले, आणि 2015 च्या लिलावात आयटीसीने मिळकत 515.44 कोटींना घेतली. कर्जदार म्हणाला, गहाण मिळकतीतला काही भाग शेतजमीन आहे. उच्च न्यायालयात त्याची सरशी झाली. 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्या. बोबडे आणि न्या. नागेश्वर राव यांनी तो निकाल फिरवला: महसुली दप्तरात शेती लिहिले म्हणून जमीन शेती ठरत नाही, ती कशासाठी वापरायची होती ते पाहावे लागते. इथे तर त्या जमिनीवर व्हिला बांधायचे होते. आज तिथे आयटीसीच्याच नावाने हॉटेल चालते.

खऱ्या शेतकऱ्याने एवढ्यावरून निर्धास्त होऊ नये. बंद झालेली वाट फक्त सरफेसीची आहे. सहकारी संस्थांना 1960 च्या महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाखाली वसुली दाखला मिळवून शेत जप्त करून विकता येते.